बडतर्फीला सात वर्षं झाली, वडील आता निर्दोष सुटले: मॅटमध्ये जाता येईल का?

प्रश्न विक्रोळीच्या एका मुलीचा आहे. वडील मुंबईतल्या एका राज्य सरकारी कार्यालयात १९९४ पासून नोकरीला, शेवटी वरिष्ठ लिपिक. कार्यालयाच्या रकमेच्या अपहाराचा आरोप झाला, विभागीय चौकशी झाली आणि १२ जून २०१८ रोजी बडतर्फीचा आदेश हातात पडला. २० जुलै २०१८ ला अपील दिलं. त्याची पोच आहे, निर्णय मात्र आजवर नाही. पुढे पाच अर्ज केले. त्यातल्या एकाला २०२३ मध्ये ‘आपला अर्ज नस्तीबद्ध करण्यात आला आहे’ असं एका ओळीचं उत्तर आलं. मे २०२४ मध्ये वडिलांची ५८ वर्षं पूर्ण झाली आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये फौजदारी खटल्यात ते निर्दोष सुटले. वकील म्हणतात मुदत कधीच संपली. ओळखीचे एक निवृत्त अधिकारी म्हणतात, बेकायदा आदेशाला मुदत नसते आणि निर्दोष सुटल्यावर नवी मुदत मिळते. खरं काय?

मुदतीबद्दल वकिलांचं बरोबर आहे. पण मुदत संपली म्हणजे दार बंद झालं, असं नाही. तुमचा खरा प्रश्न ‘आदेश चुकीचा आहे का’ हा नाही. ‘२०२० पासून आजपर्यंत का आला नाहीत’ हा आहे. या प्रश्नाचं उत्तर पटलं तरच पहिला प्रश्न कुणी ऐकून घेईल.

आधी घड्याळ लावू. राज्य सरकारी कर्मचाऱ्याचा वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे, म्हणजे मॅटपुढे जातो आणि तिथली मुदत प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २१ मध्ये आहे. अंतिम आदेशापासून एक वर्ष. अपील केलं असेल आणि सहा महिन्यांत निर्णय आला नसेल, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ प्रमाणे अपिलाला ४५ दिवस असतात. वडिलांना ते २७ जुलैपर्यंत करता आलं असतं, त्यांनी २० जुलैला केलं, म्हणजे अपील मुदतीत आहे. ही तुमची सगळ्यात मोलाची गोष्ट, तिच्याकडे पुन्हा येऊ. सहा महिने संपले २० जानेवारी २०१९ ला आणि वर्ष संपलं २० जानेवारी २०२० ला. घड्याळ तिथे थांबलं. समजा तुम्ही २० ऑगस्ट २०२५ रोजी अर्ज दाखल केला असता, तर विलंब २०३९ दिवसांचा भरला असता. तुमचा आकडा दाखल करण्याच्या दिवसापर्यंत मोजा आणि अर्जात आकड्यातच लिहा. ‘सुमारे पाच-साडेपाच वर्षे’ असं लिहिलेला अर्ज पहिल्याच तारखेला दुरुस्तीसाठी परत येतो.

मधले पाच अर्ज या हिशोबात कुठेच बसत नाहीत. लोकांचा सगळ्यात मोठा गैरसमज हाच आहे. साहेबांना अर्ज, सचिवांना अर्ज, मंत्र्यांना निवेदन, आपले सरकार पोर्टलवर तक्रार: यातल्या कशानेही मुदत वाढत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने १९८९ मध्ये एस. एस. राठौर प्रकरणात हे स्पष्ट केलं. तो खटलाही बडतर्फीचाच होता. नियमात दिलेलं अपील किंवा निवेदन मोजायचं, त्याच्या बाहेरचे वारंवार केलेले अर्ज नाहीत. सी. जेकब प्रकरण (२००८) त्याहून बोलकं आहे. १९८२ मध्ये सेवा संपलेल्या माणसाने २००० मध्ये अर्ज दिला, त्या अर्जावर निर्णय घ्या असा आदेश न्यायालयातून मिळवला, आणि तो अर्ज फेटाळला गेल्यावर फेटाळणीला आव्हान दिलं. जुन्या, मेलेल्या दाव्यात असा जीव ओतता येत नाही, असं न्यायालयाने म्हटलं. म्हणून २०२३ च्या त्या एका ओळीच्या पत्रावर फार भिस्त ठेवू नका. ‘नस्तीबद्ध’ म्हणजे फाइल बंद केली, अपिलावर निर्णय घेतला असं नाही. आणि ते पत्र नवं कारण धरलं, तरी त्यालाही वर्ष उलटून गेलंय.

आता निवृत्त अधिकाऱ्यांचं पहिलं म्हणणं. बेकायदा आदेशाला मुदत नसते, हे सरकारी कचेऱ्यांमध्ये इतक्या विश्वासाने सांगितलं जातं की कुणी तपासून पाहत नाही. गुरदेव सिंग प्रकरणात (१९९१) नेमका हाच वाद होता. आदेश मुळातच शून्य असेल, तरी तो कुणीतरी रद्द करेपर्यंत चालू राहतो आणि रद्द करून घ्यायला मुदतीत यावं लागतं, असं तिथे ठरलं. म्हणजे चौकशी अहवालाची प्रत दिली नाही, साक्षीदारांची उलटतपासणी होऊ दिली नाही, नेमणूक करणाऱ्याहून खालच्या अधिकाऱ्याने बडतर्फ केलं, हे सगळे मुद्दे गुणदोषाचे, म्हणजे आदेश बरोबर की चूक याचे आहेत. ते ताकदीचे असतील, तर विलंब माफ करताना न्यायाधिकरणाचं मन थोडं वळू शकतं, पण मुदत त्यांनी थांबत नाही. ‘चौकशीला विभागाने चार वर्षं लावली, मग आम्हाला का नाही?’ हा प्रश्नही असाच. चौकशी लांबल्याचा मुद्दा आदेशावर हल्ला करताना वापरा. तुमच्या विलंबाचं ते उत्तर नाही.

दुसरं म्हणणं निर्दोष सुटकेचं, आणि इथे सगळं परिस्थितीवर अवलंबून आहे. बडतर्फीचा आदेश पुन्हा वाचा. त्याचा आधार काय आहे? फौजदारी न्यायालयाने शिक्षा दिली म्हणून चौकशी न करता शिस्त व अपील नियमांतल्या नियम १३ खाली बडतर्फ केलं असेल आणि ती शिक्षा पुढे अपिलात रद्द झाली असेल, तर आदेशाचा पायाच निघून जातो आणि नवं कारण मिळालं असं ठामपणे म्हणता येतं. पण वडिलांची नियम ८ ची पूर्ण चौकशी झाली आहे. दोषारोपपत्र, साक्षीदार, अहवाल, सगळं आहे. हा आदेश स्वतःच्या पायावर उभा आहे. फौजदारी खटल्यात निःसंशय पुरावा लागतो, विभागीय चौकशीत शक्यतेचं पारडं कुठे झुकतं ते पाहतात. त्यामुळे एकीकडची सुटका दुसरीकडचा आदेश आपोआप पाडत नाही. खटल्याचा निकाल लागेपर्यंत थांबलो होतो, हे स्पष्टीकरणही एकटं टिकत नाही. सादरकर्ता अधिकारी (मॅटमध्ये सरकारी वकिलाला हेच म्हणतात) एकच प्रश्न विचारतील: खटला चालू असताना मॅटमध्ये यायला कोणी अडवलं होतं?

तरीही निकालपत्र नीट वाचा. नुसतं ‘निर्दोष मुक्तता’ या दोन शब्दांवर थांबू नका. साक्षीदार फितूर झाले म्हणून सुटले, की पैसे भरल्याच्या नोंदी तपासून ‘अपहार झालाच नाही’ असं न्यायालयाने म्हटलं? आरोप, साक्षीदार आणि कागद दोन्हीकडे तेच असतील आणि सुटका पुराव्याच्या पूर्ण तपासणीनंतर झाली असेल, तर विभागीय निष्कर्ष पुन्हा तपासता येतो, असं राम लाल विरुद्ध राजस्थान राज्य प्रकरणात डिसेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मानलं. एक काम घरीच करा. एका कागदाच्या डाव्या बाजूला दोषारोपपत्रातला प्रत्येक आरोप आणि त्याचे साक्षीदार लिहा, उजव्या बाजूला निकालपत्रातला तोच मुद्दा परिच्छेद क्रमांकासह. जुळणी जितकी घट्ट, तितकं हे प्रकरण वजनदार. वकिलाकडे जाताना हा कागद न्या, त्याचे दोन तास वाचतील.

आता ते मुदतीतलं अपील. ते नियमातलं अपील आहे, साधा अर्ज नाही, आणि तुमच्या सांगण्याप्रमाणे त्यावर निर्णयच झालेला नाही. नियमाप्रमाणे अपिलीय प्राधिकाऱ्याला ते विचारात घेऊन निकाली काढावंच लागतं. कलम २१ चं घड्याळ सहा महिन्यांनी सुरू झालं हे खरं, पण म्हणून अपील रद्द झालं असं कुठेही म्हटलेलं नाही. ते आज गुणदोषावर, कारणं देऊन फेटाळलं गेलं, तर त्या आदेशापासून वर्ष मोजावं असा युक्तिवाद करता येतो. सरकार सी. जेकब पुढे करेल. तुमचं उत्तर असेल की तो १८ वर्षांनी दिलेला अर्ज होता, हे मुदतीत केलेलं वैधानिक अपील आहे. हा फरक टिकेल की नाही ते पीठावर अवलंबून आहे. पण तो मांडलाच नाही, तर तुमच्याकडे मांडण्यासारखं फारसं उरत नाही.

म्हणून पहिलं काम अपिलाची नस्ती शोधणं. माहिती अधिकाराचा अर्ज अपिलीय प्राधिकाऱ्याच्या कार्यालयात द्या. ‘माझ्या अपिलाचं काय झालं’ असं मोघम विचारू नका, ‘माहिती उपलब्ध नाही’ एवढंच उत्तर येईल. पोचेवरचा आवक क्रमांक आणि तारीख लिहून त्या दिवसाच्या आवक नोंदवहीच्या पानाची प्रत, नस्तीतल्या टिपणीच्या सर्व पानांच्या प्रती आणि अपिलावर निर्णय झाला असल्यास त्याच्या जावक क्रमांकासह प्रत मागा. ३० दिवसांत उत्तर यायला हवं. टिपणीची पानं फार महत्त्वाची असतात. कधीकधी त्यात ‘फौजदारी प्रकरणाच्या निकालाची प्रतीक्षा करावी’ असा शेरा सापडतो. तो सापडला, तर विलंबाचं अर्धं ओझं विभागाच्या खांद्यावर जातं, कारण थांबायचं त्यांनीच ठरवलं होतं. उलट, अपील २०१९ मध्येच फेटाळलेलं निघालं, तर तो आदेश बजावल्याचा पुरावा कुठे आहे ते पाहा. अमर सिंग हरिका प्रकरणात बडतर्फीचा आदेश १९४९ चा होता, कळवला गेला १९५१ मध्ये. फाइलमध्ये सही झाल्याने आदेश लागू होत नाही, संबंधिताला कळवल्यावर होतो, असं १९६६ मध्ये ठरलेलं आहे.

माझ्या मते मॅटमध्ये मूळ अर्ज आणि त्याबरोबर विलंब माफीचा किरकोळ अर्ज, दोन्ही एकाच वेळी दाखल करावेत. मूळ अर्जात पहिली मागणी बडतर्फी रद्द करण्याची, आणि पर्यायी मागणी अशी की प्रलंबित अपील निकालपत्र विचारात घेऊन ठरावीक मुदतीत, समजा तीन महिन्यांत, कारणांसह निकाली काढावं. काही जण फक्त दुसरी मागणी करायला सांगतात, ती पटकन मंजूर होते म्हणून. पण मंजूर झाल्यावर अपील फेटाळलं गेलं की पुन्हा विलंबाचा प्रश्न उभा राहतो, आणि तेव्हा सी. जेकब जास्त बोचतो. विलंब माफीचा वेगळा अर्जच न करणं ही तर घातक चूक. मुदतीबाहेरचं प्रकरण विलंब माफीच्या अर्जाशिवाय गुणदोषावर ऐकताच येत नाही. सरकारने हरकत घेतली नाही, तरी न्यायाधिकरणाला मुदत स्वतःहून पाहावी लागते.

थेट उच्च न्यायालयात रिट हा सल्लाही तुम्हाला मिळेल, तिथे मुदतीचं कलम नाही म्हणून. ते नका करू. एल. चंद्रकुमार निकालानंतर (१९९७) आधी मॅट, आणि मॅटच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयाचं खंडपीठ. रिट परत मॅटकडे पाठवली जाईल आणि तेवढे महिने विलंबात भर पडेल. शिवाय मुदतीचं कलम नसलं, तरी उच्च न्यायालयही उशिराचा हिशोब मागतंच.

विलंब माफीचा अर्ज कसा लिहायचा यावर सगळं उभं आहे, म्हणून जरा तपशिलात. कलम २१(३) मध्ये शब्द आहेत ‘पुरेसं कारण’. कमाल किती दिवस माफ होतील अशी मर्यादा तिथे नाही. वर्षभराचा विलंब नाकारला जातो आणि पाच वर्षांचा माफ होतो, असंही घडतं, कारण कारणाचं वजन पाहतात. एक एक दिवसाचा काटेकोर जाब मागत नाहीत, पण मोठी पोकळी राहिली की अर्ज पडतो. म्हणून काळाचे तुकडे पाडा. २० जानेवारी ते १५ मार्च २०२० हे पहिले ५५ दिवस: तेव्हा वडील काय करत होते? १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा कोविडचा काळ. सर्वोच्च न्यायालयाने हा काळ मुदतीतून वगळला होता, पण तो लाभ प्रामुख्याने ज्यांची मुदत तेव्हा चालू होती त्यांना. वडिलांची मुदत अवघे ५५ दिवस आधी संपली, म्हणून हक्क म्हणून मागता येणार नाही. पुरेसं कारण म्हणून मात्र हा जवळपास दोन वर्षांचा तुकडा बहुधा निभावतो. मार्च २०२२ ते फेब्रुवारी २०२५ ही तीन वर्षं तुमची दुखरी जागा. इथे खटल्याच्या तारखा, आजारपण, पगार बंद असल्याची आर्थिक स्थिती आणि सगळ्यात मुख्य म्हणजे ‘वैधानिक अपील प्रलंबित होतं आणि त्यावर निर्णय होईल असं आम्ही धरून चाललो’ हे कारण, कागदांसह. शेवटचा तुकडा निकालानंतरचा: प्रमाणित प्रत कधी मागितली, कधी मिळाली, वकील कधी नेमला. आता तुम्ही जितके रेंगाळाल, तितका हा शेवटचा तुकडा मागचे सगळे तुकडे नासवतो. पाच वर्षं माफ करणारं पीठ निकालानंतरच्या दहा निष्क्रिय महिन्यांवर अडतं.

कारण खरं असू द्या. फोर्टातल्या टायपिंगच्या दुकानात विलंब माफीचा तयार मसुदा मिळतो, त्यात ‘अर्जदार कंबरदुखीने अंथरुणाला खिळून होता’ हे वाक्य ठरलेलं असतं. त्याच काळात वडील फौजदारी न्यायालयात प्रत्येक तारखेला हजर असल्याचं रोजनाम्यावर (न्यायालयाच्या दैनंदिन नोंदीत) दिसेल, आणि एका खोट्या वाक्यापायी बाकीची खरी कारणंही जातील. आजारपण असेल, तर त्या त्या वेळचे कागद लावा: डिस्चार्ज कार्ड, तपासण्यांचे रिपोर्ट. परवा लिहून घेतलेलं ‘२०२२ पासून उपचार घेत आहेत’ असं प्रमाणपत्र उलट संशय वाढवतं. ‘कायदा माहीत नव्हता’ हेही लिहू नका. २४ वर्षं सरकारी नोकरी केलेल्या वरिष्ठ लिपिकाच्या तोंडी ते शोभत नाही.

काय मागायचं, यालाही विलंबामुळे कात्री लागते. वडिलांची ५८ वर्षं पूर्ण झाली, म्हणजे प्रत्यक्ष पुनःस्थापना आता नाही. पण बडतर्फीने मागची सगळी सेवा जप्त होते आणि पेन्शन बुडतं. १९९४ ची नेमणूक म्हणजे जुनी पेन्शन योजना, २४ वर्षांची सेवा. खरा पैसा तिथे आहे. म्हणून मागणी अशी ठेवा: आदेश रद्द करून निवृत्तीच्या तारखेपर्यंत सेवा चालू होती असं कागदोपत्री धरावं आणि निवृत्तिवेतन द्यावं. ते न जमल्यास शिक्षा सौम्य करून सक्तीची सेवानिवृत्ती करावी, म्हणजे पेन्शनचा मार्ग राहतो. आणि विलंब माफीच्या अर्जातच लिहून द्या की विलंबाच्या काळाचा मागील पगार मागत नाही. तो पगार तसाही क्वचित मिळतो. आधीच सोडून दिला, तर ‘सरकारी तिजोरीवर बोजा’ हा समोरच्याचा मुद्दा बोथट होतो. पेन्शन दर महिन्याला बुडतं म्हणून हा ‘सततचा अन्याय’ आहे आणि मुदत लागत नाही, असा युक्तिवाद कुणी सुचवेल. तो चालत नाही. पेन्शन बुडालंय एका आदेशामुळे, आणि तो आदेश २०१८ चा आहे. भविष्य निर्वाह निधीत वडिलांनी स्वतः भरलेली रक्कम मात्र बडतर्फीने जात नाही. काढली नसेल तर तिच्यासाठी आजच अर्ज करा.

हे सगळं राज्य सरकारी कर्मचाऱ्याचं. वाचणाऱ्यांपैकी कुणी महापालिका किंवा बेस्टमध्ये असेल, तर मॅट तुमची नाही. कामगार या व्याख्येत बसत असाल तर कामगार न्यायालय, आणि अनुचित कामगार प्रथांच्या १९७१ च्या कायद्याखाली तक्रारीला ९० दिवस. खासगी अनुदानित शाळेतल्या शिक्षकाला शाळा न्यायाधिकरणात फक्त ३० दिवस. केंद्रीय कर्मचाऱ्याला कॅट (केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण), आणि तिथे हेच कलम २१. चुकीच्या ठिकाणी प्रामाणिकपणे दाद मागण्यात वेळ गेला असेल, तर मुदत कायद्याच्या कलम १४ च्या तत्त्वावर तो वगळून मागता येतो. त्यासाठी तिथल्या दाखल तारखेची आणि निकालाची प्रमाणित प्रत जोडा.

शेवटचं, विक्रोळीच्या ताईंसाठी. अर्जदार वडील आहेत, तुम्ही नाही. प्रतिज्ञापत्रावर सही त्यांची लागेल आणि प्रत्येक तुकड्याचं कारण त्यांच्या शब्दांत असायला हवं. त्यांना शेजारी बसवून तारखांची यादी करा, आणि ज्या महिन्यांबद्दल त्यांना काहीच आठवत नाही ते महिने कोरे ठेवून यादी वकिलाला द्या. मधल्या जागा कशा भरायच्या ते कागद बघून वकील ठरवतील, तुम्ही अंदाजाने भरू नका.